चित्रातली भूमी कुणाची?

(द्वितीय वर्ष, कला)

प्राथमिक शाळेत चित्रकलेच्या तासाला गुरुजी फळ्यावर ‘निसर्गचित्र’ एवढाच शब्द लिहीत आणि आम्ही सगळी मुले एकच चित्र काढीत असू. दोन त्रिकोणी डोंगर, त्यांच्यामधून उगवणारा सूर्य, नागमोडी नदी, काठावर कौलारू झोपडी आणि झोपडीशेजारी नारळाचे झाड. आमचे गाव दुष्काळी पट्ट्यातले. गावाला नदी नाही. ओढा आहे, पण होळीपर्यंत तो आटतो आणि एका डोहात तेवढे पाणी राहते. नारळाचे झाड मी प्रथम पाहिले ते नववीच्या सहलीत. तरीही आपण काढतो ते चित्र आपल्या गावाचे नाही, हे आम्हा कुणाच्याही मनात कधी आले नाही.

ही आठवण होण्याचे कारण असे. गेल्या वर्षी इतिहासाच्या तासाला औद्योगिक क्रांती शिकवताना आमच्या सरांनी ग्रंथालयातले एक मोठे पुस्तक वर्गात आणले आणि त्यातले एक इंग्रजी निसर्गचित्र दाखवले. ओढ्यासारखी उथळ नदी, पाण्यात उभी असलेली एक रिकामी गाडी, काठावर कुत्रा, डावीकडे जुने घर, वर ढगांनी भरलेले मोठे आकाश. सर म्हणाले, “हे चित्र १८२१ सालचे आहे. यात औद्योगिक क्रांती कुठे दिसते ते सांगा.” वर्गात कुणालाच उत्तर देता आले नाही, मलाही नाही. प्रस्तुत लेख म्हणजे त्या प्रश्नाला उशिरा दिलेले उत्तर आहे. चित्रकलेचे शास्त्रोक्त शिक्षण मी घेतलेले नाही. त्यामुळे रंग, रेषा यांविषयी अधिकाराने काही सांगण्याचा माझा दावा नाही. इतिहासाची विद्यार्थिनी म्हणून आणि शेतमजुराच्या घरातली मुलगी म्हणून जे दिसले ते मांडते.

गाडी पाण्यात का उभी आहे?

त्या चित्राचे नाव ‘द हे वेन’, म्हणजे वाळल्या गवताची गाडी. चित्रकार जॉन कॉन्स्टेबल (१७७६–१८३७). इंग्लंडच्या पूर्व भागातील सफोक परगण्यात, ईस्ट बर्गहोल्ट या गावी त्याचा जन्म झाला. वडील धान्याचे व्यापारी आणि पिठाच्या गिरण्यांचे मालक होते. चित्रातली स्टूर नदी, फ्लॅटफर्डचा परिसर आणि विली लॉट नावाच्या शेतकऱ्याचे घर हे सारे त्याच्या बालपणातले आहे. चित्र मात्र त्याने लंडनमध्ये बसून, जुन्या कच्च्या चित्रांच्या आधाराने रंगवले. सुमारे सहा फूट रुंदीचे हे चित्र १८२१ साली लंडनच्या रॉयल अकॅडमीत मांडले गेले तेव्हा ते विकले गेले नाही. १८२४ साली पॅरिसच्या प्रदर्शनात त्याला सुवर्णपदक मिळाले. आज ते लंडनच्या नॅशनल गॅलरीत आहे.

या चित्राची रंगीत प्रत मी सुट्टीत घरी नेली आणि सहज आजोबांना दाखवली. आम्ही त्यांना आबा म्हणतो. आबांनी उभे आयुष्य एका मालकाकडे सालगडी म्हणून काढले. दर पाडव्याला साल ठरायचे, असे तीस पाडवे. त्यांना अक्षरओळख नाही. ते बराच वेळ चित्र बघत राहिले. मी म्हटले, “आबा, गाडी पाण्यात अडकली आहे.” तर ते हसले.

“अडकली न्हाई गं. मुद्दाम घातलीया. उन्हानं लाकूड आटतंय, मग चाकाची धाव सैल हुती. पाण्यात उभी केली की लाकूड फुगतंय न् धाव घट्ट बसती. आमी डोहात घालायचो की! आन् घोड्यास्नीबी जरा गारवा.”

पुढे ग्रंथालयात वाचले तेव्हा अभ्यासकांनीही हेच कारण दिलेले आढळले. मग आबांनी विचारले, “गाडी मोकळी हाय. म्हंजे गवत आणाय चाललीया. कुणाची हाय गाडी?” मला सांगता आले नाही. चित्रात ते कुठे लिहिलेले नव्हते. परंतु निसर्गचित्राला विचारण्यासारखा पहिला प्रश्न हाच आहे, असे मला त्या दिवसापासून वाटू लागले. ही भूमी कुणाची, हे गवत कुणाचे, आणि राबणारा माणूस कुठे आहे?

मालक दिसतो, गडी दिसत नाही

कॉन्स्टेबलच्या आधी सत्तर वर्षे मागे जाऊ. त्याच सफोकमधील सडबरी गावचा टॉमस गेन्सबरो (१७२७–१७८८) याने १७५०च्या सुमारास ‘मिस्टर अँड मिसेस अँड्र्यूज’ हे चित्र काढले. एका ओकच्या झाडाखाली नवविवाहित जमीनदार जोडपे आहे. नवऱ्याच्या काखेत बंदूक, पायाशी कुत्रा, बाकावर बसलेल्या बायकोचा निळा रेशमी पोशाख. पण चित्राची निम्म्याहून अधिक जागा या दोघांना दिलेलीच नाही, ती त्यांच्या जमिनीला दिलेली आहे. उजव्या हाताला कापणी झालेले शेत, बांधून उभ्या केलेल्या पेंढ्या, पलीकडे मेंढ्या. शेतातल्या सरळ ओळी पाहून अभ्यासक म्हणतात की, हे पीक त्या काळी नव्यानेच प्रचारात येत असलेल्या पेरणीयंत्राने पेरलेले असावे. आपल्याकडच्या शेतकऱ्याला याचे नवल वाटणार नाही. ओळीत पेरणारी पाभर आपल्याकडे कितीतरी जुनी आहे. इंग्लंडात मात्र ती ‘सुधारणा’ होती आणि अँड्र्यूजसाहेब सुधारलेले शेतकरी होते, हे चित्राला सांगायचे आहे.

या चित्रात एक गोष्ट नाही. कापणी झालेली आहे, पण कापणारा एकही माणूस नाही. पेंढ्या जणू आपोआप बांधल्या गेल्या. जॉन बर्जर या समीक्षकाने १९७२ साली या चित्राकडे बोट दाखवून सांगितले की, हे जोडपे निसर्गाचा आनंद घेत उभे नसून आपली मालकी दाखवत उभे आहे. यावर पुष्कळ वाद झाला. मला बर्जरचे म्हणणे पटते, कारण मालक बांधावर कसा उभा राहतो हे मी पाहिलेले आहे.

याच काळात इंग्लंडमध्ये जमिनीचा मोठा उलटफेर चालला होता. आपल्याकडे गायरान असते तशा तिकडे गावाच्या सामाईक जमिनी होत्या. गरिबाची एखादी गाय तिथे चरे, सरपण मिळे. अठराव्या शतकाच्या मध्यापासून पार्लमेंटने एकामागून एक हजारो कायदे करून अशा जमिनींना कुंपणे घातली आणि त्या खाजगी मालकीच्या केल्या. उत्पादन वाढले हे खरे. पण ज्याच्याजवळ कागद नव्हता त्याची गाय गेली, सरपण गेले, आणि तो रोजंदारीवर आला. ज्या हिरव्या कुंपणांच्या रांगांना आज जग ‘खास इंग्लिश देखावा’ म्हणून ओळखते, त्यांतली पुष्कळशी कुंपणे या काळात उभी राहिली आहेत. म्हणजे जो देखावा अनादी वाटतो तोसुद्धा इतिहासात घडलेला असतो.

शांत चित्र, पेटलेल्या गंजी

आता पुन्हा १८२१ सालाकडे येऊ. ‘हे वेन’ हे चित्र इतके शांत आहे की, तो काळही शांत असावा असा समज होतो. प्रत्यक्षात १८१५ साली नेपोलियनविरुद्धचे युद्ध संपले होते. धान्याचे भाव कोसळले, सैनिक घरी परतले आणि मजुरी उतरली. त्यातच मळणीयंत्रे आली. हिवाळ्यात गड्यांना धान्य झोडपण्याचे काम असे, तेही गेले. १८१६ साली इंग्लंडच्या पूर्व भागात भाकरीसाठी दंगे झाले. १८२२ साली सफोकमध्ये यंत्रे मोडण्याचे व गंजी पेटवण्याचे प्रकार झाले. दूर किंवा जवळ आग दिसली नाही अशी एक रात्र जात नाही, असे कॉन्स्टेबलच्या भावाने गावाकडून कळवल्याचा उल्लेख चित्रकाराच्याच त्या वर्षीच्या पत्रात आहे. ‘हे वेन’ काढून तेव्हा जेमतेम वर्ष झाले होते.

मग कॉन्स्टेबल खोटे बोलला का? या प्रश्नावर मी बराच विचार केला. त्याची गाडी खोटी नाही. माझ्या निरक्षर आजोबांना ती दोनशे वर्षांनंतर, समुद्रापलीकडे, एका नजरेत कळली. तरुणपणी त्याने वडिलांच्या गिरणीत काम केले होते. त्याचा भाऊ म्हणे की, जॉनने काढलेली गिरणी खरोखर फिरेल अशी असते, इतर चित्रकारांच्या गिरण्यांचे तसे नाही. कामाची अवजारे त्याने प्रामाणिकपणे रंगवली. पण काम करणारी माणसे? ‘हे वेन’मध्ये गवत कापणारे गडी आहेत, मात्र ते उजवीकडे, दूर कुरणाच्या कडेला, ठिपक्याएवढे आहेत. शोधल्याशिवाय सापडत नाहीत. इतक्या अंतरावरून कुणाच्या चेहऱ्यावरची भूक दिसत नाही. ते अंतर गिरणीमालकाच्या मुलाचे आहे. इंग्रजी निसर्गचित्रांतील गरिबांविषयी जॉन बॅरेल यांनी १९८० साली ‘द डार्क साइड ऑफ द लँडस्केप’ हा ग्रंथ लिहिला, त्यात या अंतराचाच विचार आहे.

म्हणून सरांच्या प्रश्नाला माझे उत्तर असे : औद्योगिक क्रांती त्या चित्राच्या चौकटीत नाही. तिने जे मोडायला घेतले होते, ते चित्रकाराने सांभाळून ठेवले. त्या चित्रातल्या गोडीमागे मोडण्याची भीती आहे.

आगगाडी चित्रात शिरते

कॉन्स्टेबलने चौकटीबाहेर ठेवलेली गोष्ट त्याच्याच पिढीतील जे. एम. डब्ल्यू. टर्नर (१७७५–१८५१) याने चौकटीत आणली. १८३९ सालच्या ‘द फायटिंग टेमेरेअर’ या चित्रात ट्रफाल्गारच्या १८०५ सालच्या लढाईत लढलेले जुने शिडाचे जहाज एक काळी, धूर ओकणारी आगबोट मोडीत काढायला ओढून नेत आहे. १८४४ सालच्या ‘रेन, स्टीम अँड स्पीड’ या चित्रात पावसातून आगगाडी थेट आपल्या अंगावर येते. तो थेम्स नदीवरील मेडनहेडचा पूल आहे, ब्रुनेल या अभियंत्याने बांधलेला. रुळांवर गाडीपुढे एक ससा जीव घेऊन पळतो आहे. एका बाजूला नदीत छोटी होडी आहे आणि दुसऱ्या बाजूला दूरवर एक नांगरकरी आहे. नांगर, होडी आणि इंजिन असे तीन काळ टर्नरने एकाच पावसात भिजवले. हे चित्र प्रदर्शनात आले त्यानंतर नऊ वर्षांनी, १६ एप्रिल १८५३ रोजी, मुंबई ते ठाणे ही आपली पहिली प्रवासी आगगाडी धावली. तेव्हा टर्नरने पाहिलेला बदल आपल्या दारातही फार उशिरा आला नाही.

१८५१ सालच्या इंग्लंडच्या जनगणनेत प्रथमच निम्म्याहून अधिक लोक शहरांत राहतात असे आढळले. पुढे शहरे वाढत गेली आणि कॉन्स्टेबलचे खेडे अधिकाधिक लोकांना ‘खरे इंग्लंड’ वाटू लागले. ‘हे वेन’ १८८६ साली नॅशनल गॅलरीला भेट म्हणून मिळाले आणि राष्ट्राचे झाले. माझ्या मते निसर्गचित्र आणि राष्ट्र यांचे नाते इथे स्पष्ट होते. खेड्यात राहणाऱ्याला खेड्याचे चित्र लागत नाही. खेडे सोडून आलेल्याला, खेडे हरवलेल्याला ते लागते. वसतिगृहात राहायला आल्यापासून हे मला स्वतःच्या अनुभवाने कळते.

‘तुमचा ब्रिटन’

या भावनेचा उपयोग राज्यकर्त्यांनीही केला. दुसऱ्या महायुद्धात, १९४२ साली, ब्रिटिश सैनिकांसाठी फ्रँक न्यूबोल्ड या चित्रकाराची भित्तिपत्रके निघाली. त्यांतल्या एकावर दक्षिण इंग्लंडमधील हिरव्या टेकड्या, खोलगट जागेतले घर, कळप घेऊन जाणारा मेंढपाळ आणि पलीकडे समुद्र आहे. मजकुराचा अर्थ असा : हा तुमचा ब्रिटन, याच्यासाठी आता लढा. विचार करण्यासारखी गोष्ट ही की, ते पत्रक पाहणारे असंख्य सैनिक कारखान्यांच्या शहरांतून, कोळशाच्या खाणींतून, स्कॉटलंड-वेल्समधून आलेले होते. त्या टेकडीवर त्यांची एक काडीही नव्हती. एका कोपऱ्यातला देखावा सगळ्या देशाचा चेहरा झाला. त्याच मालिकेसाठी एब्राम गेम्स या दुसऱ्या चित्रकाराने वेगळे चित्र काढले होते. त्यात नवे आरोग्यकेंद्र आणि त्याच्यामागे पडक्या घरात मुडदूस झालेले मूल दाखवले होते. वरिष्ठांच्या आक्षेपामुळे ते मागे घेण्यात आले. देशाचे कोणते चित्र ‘आपले’ म्हणायचे हे कोण ठरवतो, याचे याहून बोलके उदाहरण मला सापडले नाही.

पण लोकही चित्राला गप्प बसू देत नाहीत. १९८० साली पीटर केनर्ड या कलावंताने कॉन्स्टेबलच्या त्याच गाडीवर अण्वस्त्रवाहू क्षेपणास्त्रे लादलेली दाखवली, कारण तशी अमेरिकी क्षेपणास्त्रे इंग्लंडच्या ग्रामीण भागात आणून ठेवण्याचे तेव्हा ठरले होते. जुलै २०२२ मध्ये दोन विद्यार्थ्यांनी नॅशनल गॅलरीत ‘हे वेन’वर दुसरेच चित्र चिकटवले. त्यात नदीच्या जागी डांबरी रस्ता, आकाशात विमाने आणि वाळलेली झाडे होती. मूळ चित्राला हात लावणे मला योग्य वाटत नाही. त्यांनी तेच चित्र निवडले यावरून मात्र एक गोष्ट कळते : भूमीविषयी भांडायचे झाले की इंग्रज माणूस आजही त्या गाडीपाशी येतो.

आपल्याकडे

हा इतिहास इंग्लंडपुरता राहिला नाही. टॉमस डॅनियल आणि त्याचा पुतण्या विल्यम हे १७८६ साली कलकत्त्याला आले आणि पुढची सात वर्षे देशभर हिंडून, मुंबईजवळच्या घारापुरीपर्यंत, त्यांनी चित्रे काढली. १७९५ ते १८०८ या काळात त्यांची १४४ छापील चित्रे ‘ओरिएंटल सीनरी’ या नावाने लंडनमध्ये प्रसिद्ध झाली. मंदिरे, भग्न वास्तू, पारंब्यांचे वड, आणि देवळाची उंची कळावी म्हणून पायथ्याशी काढलेली छोटी माणसे. चित्रे सुंदर आहेत, कष्टाने काढलेली आहेत. पण ती पाहून हा देश प्राचीन, निवांत आणि मोडकळीला आलेला आहे असेच कुणालाही वाटेल.

पुढे १८५७ साली मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्ट सुरू झाले आणि ही चित्रपद्धती आपल्या माणसांच्या हाती आली. कोल्हापूरचे आबालाल रहिमान तिथे शिकले आणि नंतर शाहू महाराजांचे दरबारी चित्रकार झाले. १९३१ साली त्यांचे निधन झाले. कोटितीर्थाच्या काठी राहून त्यांनी कोटितीर्थ आणि रंकाळा यांची चित्रे काढली. तंत्र परक्याकडून आलेले होते, पण पाणी रोजच्या ओळखीचे होते. आपण पाहतो ते आपल्या डोळ्यांनी काढता येते, एवढे तरी त्यांनी दाखवून दिले.

समारोप

आबांची एक सवय मला या अभ्यासामुळे नव्याने जाणवली. ज्या जमिनीत ते तीस वर्षे राबले तिला ते अजूनही “आपलं रान” म्हणतात. सातबाऱ्यावर त्यांचे नाव कधीच नव्हते. लहानपणी मला या शब्दाचा राग येई, आपले काय आहे त्यात, असे वाटे. आता वाटते, ‘आपले’ हा शब्द दोन तऱ्हांनी वापरता येतो. वरून कुणी तो सैनिकाच्या हाती पत्रकासारखा देतो, आणि खालून कुणी तो आपल्या घामाने कमावतो. निसर्गचित्रात राष्ट्र पाहताना यांतला कोणता ‘आपले’ बोलतो आहे हे ओळखणे, माझ्या मते, इतिहासाच्या विद्यार्थ्याचे काम आहे. सुंदर चित्र नाकारण्याचे कारण नाही. ‘हे वेन’ मला आजही आवडते. फक्त आता मी आधी उजवीकडच्या कुरणातले ते ठिपके शोधते.

यंदा दिवाळीत माझ्या धाकट्या भावाला शाळेतून ‘निसर्गचित्र’ काढायला सांगितले होते. त्याने डोंगर, सूर्य, नदी, झोपडी, नारळ काढले. मी त्याला म्हटले, हे राहू दे, पण दुसऱ्या पानावर आपला ओढा काढ. तो म्हणाला, “ताई, त्यात पाणी नाही, मग रंग कुठला द्यायचा?” आम्ही दोघे तो पाहायला ओढ्यापर्यंत गेलो. आबाही काठी टेकत मागून आले आणि गाडी कुठे उभी करायचे ती जागा त्यांनी त्याला दाखवली.